फर्डिनांड ते फर्नांडिस : एका जर्मन नावाचा उत्तर कोकणापर्यंतचा प्रवास

वैतरणेच्या मुखापासून डहाणूपर्यंतच्या किनारपट्टीचा इतिहास अभ्यासताना किल्ले, खाड्या, बंदरे आणि जमिनींचे धारे यांकडे जितके लक्ष दिले जाते तितके माणसांच्या नावांकडे दिले जात नाही. वास्तविक या भागाचा ज्ञात इतिहासच मुळी नावांच्या याद्यांपासून सुरू होतो. कै. वि. का. राजवाडे यांनी १९२४ साली प्रसिद्ध केलेल्या महिकावतीच्या बखरीचा बराचसा भाग कुळे, गोत्रे, वंश आणि आडनावे यांनी व्यापलेला आहे. पोर्तुगीज आले तेव्हा या प्रांतात आपापल्या कुळाची जाण असलेला समाज नांदत होता, याचा तो पुरावाच म्हणावयास हवा. त्या समाजाच्या एका भागाने सोळाव्या शतकात नवी नावे धारण केली. त्या नावांपैकी एकाचा मागोवा घेणे एवढाच प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

ते नाव म्हणजे ‘फर्नांडिस’. सफाळे स्थानकाच्या पश्चिमेस एडवण-दातिवऱ्याकडे गेले म्हणजे खाडीपलीकडे अर्नाळा दिसतो, आणि अर्नाळ्यापासून खाली वसईपर्यंतच्या गावांत हे आडनाव घरोघर ऐकू येते. गोव्यात तर ते फारच विपुल आहे. या आडनावाविषयी दोन समज सर्रास आढळतात. पहिला असा की, ते अस्सल पोर्तुगीज आहे. आणि दुसरा असा की, ज्या घराचे ते आडनाव त्या घरात पोर्तुगीज रक्त असावयाचेच. पहिला समज अर्धवट खरा आहे, दुसरा बहुतांशी खोटा. पहिल्याचे निराकरण केले की दुसऱ्याचे उत्तर आपोआप हाती येते, म्हणून प्रथम नावाच्या मुळाकडे जाऊ.

फर्नांडिस हे ‘फर्नांदु’ या पोर्तुगीज व्यक्तिनामापासून झाले आहे. फर्नांदु, स्पॅनिश फर्नांदो व एर्नांदो आणि जर्मन फर्डिनांड ही सर्व एकाच नावाची रूपे होत, आणि ते नाव व्युत्पत्तीने जर्मानिक आहे. प्राचीन जर्मानिक टोळ्यांत नावे दोन पदे जोडून करण्याची पद्धत होती. ही पद्धत आपणांस परकी वाटण्याचे कारण नाही. देवदत्त, वसुमित्र, श्रुतकीर्ती ही आपली नावे त्याच जातीची असून, ग्रीक नावांतही तीच रीत दिसते. इंडो-युरोपीय भाषाकुलाचा हा सामाईक वारसा आहे. क्वचित पदेही सगोत्र निघतात. रॉड्रिग्ज या आडनावाच्या मुळाशी असलेल्या ‘रोडरिक’ या नावातील पहिले पद ‘कीर्ति’ या शब्दाच्या नात्यातले, आणि दुसरे ‘राजन्’ या शब्दाच्या. म्हणजे वसईचा रॉड्रिग्ज हा व्युत्पत्तीपुरता ‘कीर्तिराजाचा’ मुलगा ठरतो! लुईस या नावाच्या मुळाशी जर्मन ‘लुडविग’ आहे. त्यातील आदिपद आपल्या ‘श्रुत’ या शब्दाचे भावंड.

फर्डिनांडमधील उत्तरपदाविषयी मतभेद नाही. ‘नांथ’ म्हणजे धाडस. चौथ्या शतकात बिशप वुल्फिला याने केलेल्या बायबलच्या गॉथिक भाषांतरात याच धातूचे ‘धजणे’ या अर्थाचे क्रियापद सापडते. पूर्वपदाविषयी मात्र दोन पक्ष आहेत. एक पक्ष ते ‘फ्रिथु’ म्हणजे शांती, सख्य असे मानतो. जर्मन ‘फ्रीडन’ हा शब्द त्यातलाच, आणि संस्कृत ‘प्री’ धातू व ‘प्रिय’ हा शब्द त्याचे दूरचे आप्त. दुसरा पक्ष ‘फार्थ’ म्हणजे प्रवास हे पद सुचवितो. त्याचा संबंध आपल्या ‘पार’ या शब्दाशी पोचतो. आयबेरियातील जुन्या लॅटिन दानपत्रांत ‘फ्रेदेनान्दुस’ अशी रूपे आढळतात आणि त्यांत ‘फ्र’ हा जोडवर्ण शाबूत आहे, म्हणून पहिला पक्ष मला अधिक सयुक्तिक वाटतो. पुढे ‘र’ आणि स्वर यांची अदलाबदल होऊन ‘फेर्दिनान्दुस’ झाले, आणि मधला भाग झिजून ‘फेर्नान्दुस’. वर्णविपर्यासाची ही प्रक्रिया मराठीच्या विद्यार्थ्यांना अपरिचित नाही.

येथे एक धोका नोंदविणे आवश्यक आहे. ‘नांद’ हे पद पाहून त्याचा संबंध संस्कृत ‘नन्द्’ धातूशी जोडण्याचा मोह एखाद्यास होईल. परंतु जर्मानिक रूपातील मूळ वर्ण ‘थ’सारखा घर्षक होता, त्याला मूळ भाषेत ‘त’ प्रतिरूप असावयास हवा, ‘द’ नव्हे. ध्वनिनियम बाजूला सारून केवळ कानाला गोड लागते म्हणून व्युत्पत्ती लावण्याची सवय आपल्याकडे नामाभ्यासात फार बोकाळली आहे, म्हणून हे मुद्दाम लिहिले.

हे नाव आयबेरियात कसे पोचले? पाचव्या शतकाच्या आरंभी रोमन साम्राज्याची सरहद्द फुटल्यावर स्वेव्ह लोकांनी द्वीपकल्पाच्या वायव्येस, म्हणजे आजचा गॅलिशिया व उत्तर पोर्तुगाल या प्रदेशात, आपले राज्य स्थापिले. त्यानंतर आलेल्या व्हिसिगॉथांनी ५८५ साली ते गिळंकृत केले आणि तोलेदो येथे राजधानी ठेवून ७११ पर्यंत राज्य केले. गॉथांची संख्या मूळ हिस्पानो-रोमन प्रजेच्या मानाने अल्पच होती. ५८९ साली त्यांच्या राजाने कॅथॉलिक पंथ पत्करला. गॉथिक भाषा हळूहळू लोपली. स्पॅनिश-पोर्तुगीज भाषांत तिचे सामान्य शब्द मोजकेच उरले. राहिली ती नावे.

आणि येथेच या विषयातील खरी नवलाची गोष्ट आहे. गॉथांचे राज्य ७११ साली अरबांच्या स्वारीने कोसळले, तरी गॉथिक नावे नष्ट झाली नाहीत. उलट नवव्या ते अकराव्या शतकांतील उत्तर पोर्तुगालची दानपत्रे उघडली तर साक्षीदार, शेतकरी, भिक्षू आणि कुळे यांची बहुसंख्य नावे जर्मानिक आढळतात. हे सर्व लोक गॉथांचे वंशज होते असे कोणीही जाणता संशोधक म्हणणार नाही. राज्यकर्त्यांची नावे प्रतिष्ठेची, म्हणून प्रजेने ती उचलली. राज्यकर्ते गेले तरी प्रतिष्ठा राहिली आणि नावे रुजली. गावांच्या नावांतही ती शिरली. गिमरांइश आणि गोंदोमार ही पोर्तुगालमधील स्थळनावे जर्मानिक व्यक्तिनामांवरूनच पडली आहेत. योझेफ पील या जर्मन पंडिताने १९३० नंतरच्या दशकात या स्थळनामांचा जो पद्धतशीर अभ्यास केला, तो आपल्याकडील स्थळनामाभ्यासकांनी नमुना म्हणून समोर ठेवण्याजोगा आहे.

फर्नांदु नावाला बळ मिळाले ते राजघराण्यांमुळे. कास्तीलचा काउंट फर्नान गोन्सालेस हा दहाव्या शतकातला. लेओनचा राजा पहिला फर्नांदो याने १०६४ साली कोइंब्रा जिंकून घेतले. तिसरा फर्नांदो (राज्यकाल १२१७–१२५२) याने कोर्दोबा व सेव्हिल ही नगरे घेतली. १६७१ साली त्याला संतपद देण्यात आले. पोर्तुगालच्या गादीवरही १३६७ ते १३८३ या काळात या नावाचा राजा होऊन गेला. पण राजांपेक्षाही एक उदाहरण या संदर्भात लक्षणीय आहे. लिस्बन येथे बाराव्या शतकाच्या अखेरीस जन्मलेल्या एका मुलाचे नाव फर्नांदु ठेवण्यात आले होते. १२२० साली फ्रान्सिस्कन संघात प्रवेश करताना त्याने ते टाकून ‘अंतोनियु’ हे नाव घेतले. हाच पादुआचा संत अंतोनी होय. वसईच्या पट्ट्यात अंतोनी नावाची जी माणसे आहेत, त्यांच्या नामसंताचे पाळण्यातले नाव फर्नांदु होते ही गोष्ट फारशी कोणास ठाऊक नसते.

आता वाचक विचारील, मग ‘फर्डिनांड’ हे जर्मनीतील परंपरागत नाव मानले जाते ते कसे? याचे उत्तर थोडे चमत्कारिक आहे. मध्ययुगीन जर्मनीत हे नाव जवळजवळ नव्हतेच. ते तेथे परंपरेने उतरले असते तर त्याचे आदिपद फ्रीडरिखप्रमाणे ‘फ्रीड’ असे झाले असते. जर्मन रूपात ‘फर्डि’ आहे, यावरूनच ते परत आयात झालेले आहे हे उघड होते. ही आयात नेमकी कोणी केली हेही सांगता येते. अरागॉनचा राजा फर्नांदो (१४५२–१५१६) याच्या मुलीचा विवाह हाब्सबुर्ग घराण्यात झाला. तिच्या धाकट्या मुलाचा जन्म १५०३ साली स्पेनमध्ये आल्काला दे एनारेस येथे झाला आणि त्याला आजोबांचे नाव मिळाले. हा मुलगा पंधरा वर्षांचा होईपर्यंत स्पेनमध्येच वाढला. पुढे थोरला भाऊ पाचवा चार्ल्स याने ऑस्ट्रियाचे वतन त्याच्या हवाली केले. १५२६ मध्ये तो बोहेमिया व हंगेरीचा राजा झाला आणि चार्ल्सने राज्यत्याग केल्यावर पवित्र रोमन सम्राट. म्हणजे जर्मन राष्ट्राच्या या सम्राटाला त्याचे जर्मन नाव स्पेनमधून मिळाले होते.

त्याच्या मागून दुसरा फर्डिनांड (राज्यकाल १६१९–१६३७) आणि तिसरा फर्डिनांड (१६३७–१६५७) हे सम्राट झाले, आणि तीस वर्षांच्या युद्धाच्या धामधुमीत हे नाव कॅथॉलिक पक्षाची जणू खूण बनले. ऑस्ट्रिया व बव्हेरिया येथे ते प्रथम पसरले. अठराव्या शतकात मात्र ही पंथाची मर्यादा ओलांडली गेली. सात वर्षांच्या युद्धात फ्रेडरिक द ग्रेटच्या बाजूने लढणारा ब्राउनश्वाइगचा सेनापती फर्डिनांड हा प्रोटेस्टंटच होता. शिलरने १७८४ च्या आपल्या नाटकात तरुण नायकाला हेच नाव दिले. एकोणिसाव्या शतकात ते मध्यमवर्गात इतके सामान्य झाले की त्याच्या स्पॅनिश वळशाची आठवणही उरली नाही.

हाब्सबुर्ग राजपुत्र हंगेरीच्या गादीसाठी झगडत होता, त्याच सुमारास नावाची दुसरी शाखा हिंदी महासागरात शिरली होती. डिसेंबर १५३४ मध्ये गुजरातच्या बहादुरशहाने तहान्वये वसई पोर्तुगीजांना दिली. १५५९ मध्ये दमण त्यांच्या हाती गेले. या दोन ठाण्यांच्या मधला केळवे-माहीम, शिरगाव, तारापूर, डहाणू हा सगळा पट्टा त्यांच्या ‘उत्तर प्रांता’त मोडू लागला. सैनिक, खलाशी, कारागीर, जमीनधारक आणि पाद्री येथे आले. पोर्तुगालमध्ये त्या काळी प्रतिष्ठित घराणी बहुधा स्थळवाचक कुलनामे लावीत – नोरोन्या, आल्बुकेर्क, मेनेझिश. सामान्य माणसे मात्र बापाच्या नावावरून झालेली नावे लावीत. फर्नांदुचा मुलगा फर्नांडिस, गोन्सालुचा गोन्साल्विस, रोद्रिगुचा रॉड्रिग्ज, एन्रिकचा एन्रिकिश. मेंडिस या आडनावातही हाच प्रकार आहे. त्यातील ‘मेंदु’ हा ‘हेर्मेनेगिल्दु’ या लांबलचक गॉथिक नावाचा झिजलेला अवशेष! शेवटच्या ‘इश’ प्रत्ययाचे मूळ वादग्रस्त असले तरी अर्थ निश्चित आहे. आपल्याकडे मधले नाव बापाचे असते, तेच येथे प्रत्ययाने साधले होते. फरक इतकाच की सोळाव्या शतकापर्यंत ते पिढीगणिक बदलण्याचे थांबून गोठले आणि आडनाव झाले. कोंकणात उतरला तो फर्नांडिस अशा रीतीने स्वदेशीच निष्पुत्रिक झाला होता, म्हणजे त्याचा बाप फर्नांदु असण्याची गरज राहिली नव्हती.

बाप्तिस्म्याच्या वेळी नवख्रिस्ती माणसाला व्यक्तिनाम आणि आडनाव अशी दोन्ही मिळत. व्यक्तिनाम संताचे, आडनाव बहुधा धर्मपित्याचे किंवा विधी करणाऱ्या धर्मगुरूचे. एकाच वेळी अनेक कुटुंबांचा बाप्तिस्मा झाला की सगळ्यांना एकच आडनाव पडे. आज वसईच्या एकेका गावात एकाच आडनावाची दाटी दिसते ती यामुळे. ज्यांचा परस्परांशी नातेसंबंध नव्हता ती कुळे कागदावर भाऊबंद झाली. धर्मपिता सामान्य सैनिक वा वसाहतवाला असण्याचा संभव अधिक, म्हणून फर्नांडिस, रॉड्रिग्ज, गोन्साल्विस यांचा भरणा अधिक.

या आडनावांच्या मांदियाळीत ज्याला खरोखर पोर्तुगीज पिता होता अशा एका वसईकराचे उदाहरण प्रसिद्ध आहे, आणि त्याचेही नाव जर्मानिकच आहे. गोन्सालो गार्सिया हा सोळाव्या शतकाच्या मध्यानंतर वसईस जन्मला. बाप पोर्तुगीज, आई येथलीच. जेझुइटांबरोबर तो जपानला गेला, तेथली भाषा शिकला, काही काळ व्यापार केला, मानिला येथे फ्रान्सिस्कन संघात शिरला, आणि हिदेयोशीच्या दरबारी गेलेल्या फ्रान्सिस्कनांचा दुभाषी झाला. ५ फेब्रुवारी १५९७ रोजी नागासाकी येथे सव्वीस जणांना क्रुसावर चढविण्यात आले, त्यांत तो होता. १६२७ मध्ये तो धन्य आणि १८६२ मध्ये संत म्हणून घोषित झाला. ‘गोन्सालो’तील ‘गुंद’ म्हणजे युद्ध. हे पद आपल्या ‘हन्’ धातूच्या नात्यातले. विशेष असे की १७४५ साली ब्राझीलमधील रेसिफे येथील मिश्रवर्णी समाजाने त्याला आपला संत मानून मोठा उत्सव केला, आणि एका फ्रान्सिस्कन प्रवचनकाराने त्याचा वर्ण आपल्यासारखाच होता हे सिद्ध करण्यासाठी विस्तृत प्रवचन दिले. वसईच्या आईचा मुलगा ब्राझीलमधील लोकांच्या मानाचा आधार बनावा, ही घटना नामेतिहासापेक्षा समाजेतिहासाच्या दृष्टीने अधिक मोलाची आहे; तिचा स्वतंत्र अभ्यास मराठीत व्हावयास हवा.

१७३९ च्या प्रारंभी चिमाजी अप्पांच्या मोहिमेत माहीम, केळवे, शिरगाव, तारापूर ही ठाणी एकामागून एक पडली. तारापूरच्या हल्ल्यात बाजी भिवराव रेठरेकर कामी आले. मे महिन्यात वसईचा तह होऊन पोर्तुगीज सैन्य व पुष्कळ गोरी कुटुंबे निघून गेली. एतद्देशीय ख्रिस्ती रयत जमिनीवर राहिली. येथे आपण उत्तर पोर्तुगालच्या नवव्या शतकाची आठवण ठेवावी. राज्यकर्ता गेला, त्याची भाषाही गेली, नावे मात्र राहिली. गॉथिक राजवटीनंतर मिन्यो नदीकाठी जे घडले, तेच हजार वर्षांनी वैतरणेच्या दक्षिणेस घडले. मिन्योच्या शेतकऱ्यास त्याच्या नावावरून जर्मन ठरविणे जितके हास्यास्पद, तितकेच वसईच्या वाडवळास वा सामवेदीस आडनावावरून पोर्तुगीज ठरविणे.

या पोर्तुगीजोत्तर काळाची साक्ष उच्चारांत मिळते. कानाने आलेली नावे मराठी वळणाने रुळली. सेबास्तियांवचा बस्त्याव झाला, दोमिंगुशचा दुमिंग, पेद्रुचा पेद्रू. यांत सर्वत्र दंत्य ‘त’ व ‘द’ आहेत, कारण पोर्तुगीज वर्ण दंत्यच होते. गोव्यातील बोलीतही ‘फेर्नांद’ असाच उच्चार ऐकू येतो. याउलट ‘फर्नांडिस’, ‘रॉड्रिग्ज’, ‘मेंडिस’ या रूपांत मूर्धन्य ‘ड’ आहे. तो पोर्तुगीजांकडून आलेला असणे शक्य नाही. इंग्रजी शाळा, कचेऱ्या आणि रेल्वे यांच्या द्वारे, रोमी लिपीतील अक्षरे इंग्रजी पद्धतीने वाचून तो शिरला आहे. मुंबई बेटावरील व साष्टीतील ख्रिस्ती समाजाने १८८७ साली ‘ईस्ट इंडियन’ हे अभिधान स्वीकारले तो काळ याच स्थित्यंतराचा. एकाच आडनावात गॉथिक धातू, पोर्तुगीज प्रत्यय आणि इंग्रजी-मराठी मूर्धन्य असे तीन थर एकावर एक बसलेले दिसतात. उत्खननशास्त्राच्या विद्यार्थ्यास जसा मातीचा छेद, तसा नामाभ्यासकास हा एक शब्द.

नावाची जर्मन शाखाही एकोणिसाव्या शतकात आपल्या दारी आली. बासेल मिशनचा फर्डिनांड किट्टेल १८५३ साली हिंदुस्थानात आला. धारवाड, मंगळूर येथे राहून त्याने कन्नड-इंग्रजी कोश सिद्ध केला आणि तो १८९४ मध्ये प्रसिद्ध झाला. मराठी-कन्नड शब्दसंबंधांचा विचार करणाऱ्यास तो आजही टाळता येत नाही. त्याच्या आदल्या वर्षी, १८९३ च्या आरंभी, ऑस्ट्रियाचा आर्चड्यूक फ्रांझ फर्डिनांड जगप्रवासात मुंबईस उतरला होता. एकवीस वर्षांनी साराजेव्हो येथे झालेली त्याची हत्या जगाला महायुद्धात लोटणार होती. मंगळूर हे ज्या किट्टेलच्या कार्यक्षेत्रांपैकी एक, त्याच मंगळूरच्या फर्नांडिस घराण्यातील जॉर्ज फर्नांडिस १९६७ साली दक्षिण मुंबईतून स. का. पाटलांचा पराभव करून लोकसभेवर गेले. किट्टेल आणि जॉर्ज फर्नांडिस यांच्या नावांतील धातू एकच. पण एक व्हिएन्नाच्या वाटेने आला, दुसरा लिस्बनच्या.

शेवटी, या किनाऱ्यावर पोर्तुगीजांना जे नाव मिळाले त्याविषयी. मराठी कागदपत्रांत त्यांना ‘फिरंगी’ म्हटले आहे. हा शब्द फारसीतून आला, फारसीत तो अरबांमार्गे ‘फ्रँक’ या शब्दावरून, आणि फ्रँक ही एक जर्मानिक टोळी होती. फ्रान्सिस हे नावही त्याच टोळीच्या नावावरून लॅटिनमार्गे आले आहे. तेव्हा तारापूरच्या तटावर चढणारा मराठा शिपाई शत्रूला ज्या शब्दाने हाक मारीत होता तो, आणि तटाआड उभ्या असलेल्या एखाद्या फ्रान्सिस्कुचे बाप्तिस्म्याचे नाव, ही दोन्ही ऱ्हाईनकाठच्या एकाच टोळीकडून निघून निरनिराळ्या वाटांनी केळवे-तारापूरच्या वाळूत येऊन भेटली होती.